शरीर : अल्लाहची अमानत

मानवी शरीर ही अल्लाहने सोपविलेली अमानत आहे. म्हणूनच वैद्यकाचे ज्ञान नसताना उपचार करणारा झालेल्या हानीस जबाबदार ठरतो, अशी प्रेषित मुहम्मद (स.) यांची शिकवण आहे. स्पेनमधील कुर्तुब्याचे शल्यवैद्य अबुल कासिम अल-जहरावी यांनी इ. स. १००० च्या सुमारास ‘अत-तसरीफ’ हा ३० भागांचा ग्रंथ सिद्ध केला. शस्त्रक्रियेवरील अखेरच्या भागात हत्यारांच्या आकृत्या देण्यापूर्वीच त्यांनी बजावले आहे की, शरीररचना जाणल्याविना शस्त्र हाती घेऊ नये. एका अज्ञानी वैद्याने मानेवरील गाठ कापताना धमन्या छेदल्या आणि ती स्त्री दगावली, हे उदाहरणही त्यांनी नोंदविले. घरातील रुग्णाला कोणाच्या हाती सोपवावे, हे ठरविताना आपणही प्रथम ज्ञानाची खात्री करावी. दुआ अवश्य करावी. परंतु जाणकाराकडून उपचार घेतल्यानेच या अमानतीचा हक्क अदा होतो.