रस्ता मोकळा करणारा अधिकारी : मेजर रामा राघोबा राणे

मित्रहो, सैन्यातला अधिकारी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे बंदूक घेऊन धावणारा जवान येतो. पण त्या जवानाच्याही पुढे एक माणूस असतो. त्याच्या हातात सुरुंग काढायचं सामान, कुदळ आणि फावडं असतं. तो म्हणजे सैन्यातला इंजिनिअर! परमवीर चक्र विजेते मेजर रामा राघोबा राणे हे असेच एक अधिकारी. आपण इंजिनिअरिंगचे विद्यार्थी, म्हणून त्यांची ओळख आपल्याला असायलाच हवी.

राणे यांचा जन्म २६ जून १९१८ चा. मूळ गाव कारवारकडचे चेंडिया. वडील पोलीस शिपाई. त्यांच्या सारख्या बदल्या होत, त्यामुळे मुलाचे शिक्षण धड एका जागी झाले नाही. इंजिनिअरिंगची पदवी तर दूरच. १० जुलै १९४० रोजी ते बॉम्बे इंजिनिअर्समध्ये साधे जवान म्हणून भरती झाले. खडकीला मुख्यालय असलेले 'बॉम्बे सॅपर्स' ते हेच. दुसऱ्या महायुद्धात ते ब्रह्मदेशात लढले. सैन्य माघारी येत असताना बुथिडाँगचा दारूगोळ्याचा साठा उडवून देण्यासाठी त्यांच्या तुकड्यांना मागे ठेवले होते. न्यायला बोट येणार होती, ती आलीच नाही. मग जपानी पहाऱ्यातून नदी ओलांडून ही मंडळी परतली. अशी एकेक पायरी चढत १५ डिसेंबर १९४७ रोजी राणे सेकंड लेफ्टनंट झाले.

त्यानंतर चारच महिन्यांत त्यांची खरी परीक्षा झाली. एप्रिल १९४८ मध्ये काश्मीरच्या लढाईत राजौरी शत्रूच्या ताब्यात होते आणि तिथल्या लोकांचे हाल चालले होते. आपले रणगाडे नौशेऱ्याहून निघाले. पण रस्ता डोंगरातला, नागमोडी, आणि शत्रूने त्यावर सुरुंग पेरलेले. झाडे आडवी पाडलेली, मोऱ्या उडवलेल्या. रस्ता उघडल्याशिवाय रणगाडा म्हणजे नुसते लोखंडच!

८ एप्रिलला सकाळी ११ वाजता काम सुरू व्हायच्या आतच उखळी तोफांचा मारा झाला. दोन जवान ठार, पाच जखमी. जखमींत राणे स्वतः होते. त्यांनी उरलेल्यांची लगेच जुळवाजुळव केली आणि रात्री १० पर्यंत काम केले. ९ तारखेला सकाळी ६ ते दुपारी ३, रणगाड्यांसाठी वळणरस्ता तयार! मग पुढच्या गाडीत बसून निघाले. वाटेत पाइनची झाडे आडवी आली, ती स्फोटाने उडवली. मोरी तुटलेली होती, तिथे बाजूने वाट काढली. १० तारखेला पहाटे पावणेपाचला मशीनगनच्या गोळ्यांखाली पुन्हा सुरुवात. साडेदहाला रणगाड्यांची वाट मोकळी झाली. रणगाडे तवी नदीच्या पात्रात उतरले आणि दुपारी २ वाजता चिंगसला पोचले.

आता मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो भाग. रणगाडे पुढे गेले, पण राणे थांबले नाहीत. रणगाडा नदीच्या पात्रातून जाईल. पण मागून येणाऱ्या धान्याच्या, दारूगोळ्याच्या गाड्यांचं काय? म्हणून ते त्या दिवशी अन्न आणि विश्रांतीशिवाय रात्री ९ पर्यंत रस्ता करत राहिले. ११ तारखेला सकाळी ११ ला चिंगसपर्यंतचा रस्ता पूर्ण उघडला, तरी रात्री १० पर्यंत पुढचे काम चालूच. १२ एप्रिलला राजौरी मुक्त झाली.

आमच्या सुरगाण्याकडच्या माणसाला ही गोष्ट फोडून सांगावी लागत नाही. पावसाळ्यात मोरी वाहून गेली की मोटारसायकलवाला शेताच्या बांधावरून कसातरी निघतो. पण एस.टी., रेशनचा ट्रक आणि बाळंतिणीला नेणारी गाडी अलीकडेच थांबते. मग 'वाट सुरू आहे' म्हणण्यात काय अर्थ? पहिला माणूस गेला म्हणजे रस्ता झाला असं नाही. शेवटची गाडी गेली पाहिजे.

राणे यांना परमवीर चक्र मिळाले. ते १९६८ मध्ये मेजर म्हणून निवृत्त झाले आणि ११ जुलै १९९४ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. २०२३ मध्ये अंदमानातल्या एका बेटाला त्यांचे नाव दिले गेले.

मित्रांनो, प्रोजेक्टचं मॉडेल परीक्षकांसमोर एकदा चाललं की आपण सुटकेचा श्वास टाकतो. ड्रॉइंग सबमिट झालं, सही मिळाली, विषय संपला! पण उद्या आपण बांधलेल्या मोरीवरून कुणाची तरी गाडी जाणार आहे. तेव्हा सही विचारात घेतली जाणार नाही, मोरी टिकली का तेवढंच बघितलं जाईल. राणे यांच्याकडे पदवी नव्हती, आपल्याला ती मिळणार आहे. त्यांच्यासारखं काम शेवटपर्यंत नेणं मात्र आपल्यालाच शिकावं लागेल.