ताबूत आणि जनाजा : आपल्या खांद्यावर हक्क कोणाचा?

मुहर्रम आला की सातारा-सांगली परिसरातील गावोगावी ताबूत उभे राहतात. सांगली जिल्ह्यातील कडेगावचे गगनचुंबी ताबूत आणि त्यांच्या भेटी तर महाराष्ट्रभर प्रसिद्ध आहेत. बांबूंचे ते उंच मनोरे उचलण्यास हिंदू व मुस्लिम दोघांचेही खांदे पुढे येतात. या शेजारधर्माचे मोल कोणीही नाकारणार नाही. परंतु ‘ताबूत’ या शब्दामागील कर्तव्याचे स्मरण आपल्याला कितपत असते?

अरबीत ताबूत म्हणजे पेटी. सुरह बकराच्या २४८व्या आयतीत बनी इस्राईलच्या पवित्र पेटीसाठी, तर सुरह ताहाच्या ३९व्या आयतीत तान्ह्या हजरत मूसा (अलै.) यांना ज्या पेटीत ठेवून नदीत सोडले तिच्यासाठी हाच शब्द आला आहे. मृतदेहाची पेटी असाही त्याचा अर्थ आहे. आपल्याकडे हजरत इमाम हुसैन (रजि.) यांच्या शहादतीचे प्रतीक म्हणून उभारलेल्या रचनेला हे नाव मिळाले.

आता इतिहास पाहा. १० मुहर्रम हिजरी ६१, म्हणजे इ.स. ६८० मध्ये, करबलाच्या मैदानात शहीद झालेल्यांच्या वाट्याला सन्मानाचा जनाजा आला नाही. शत्रुसैन्य निघून गेल्यावर जवळच्या वस्तीतील बनू असद कबिल्याच्या लोकांनी त्यांचे दफन केले. शेजाऱ्यांनी पार पाडलेले हे कर्तव्यच करबलाच्या स्मरणातून घेण्याजोगा धडा होय. प्रतीकाची मिरवणूक काढणे हा दीनचा भाग नाही, असे देवबंद आणि बरेली या दोन्ही परंपरांच्या उलेमांनी सांगितले आहे.

मग दीनने मागितले आहे ते काय? मृताचा जनाजा खांद्यावर घेणे. जनाजासोबत जाणे हा मुस्लिमाचा मुस्लिमावरील हक्क आहे, ही प्रेषित मुहम्मद (स.) यांची शिकवण बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आढळते. हनफी फिकहनुसार खांदा देण्याची रीत अशी : प्रथम मृताच्या उजव्या बाजूचा पुढचा कोपरा आपल्या उजव्या खांद्यावर, मग त्याच बाजूचा मागचा, नंतर डाव्या बाजूचा पुढचा कोपरा डाव्या खांद्यावर, मग मागचा. प्रत्येक वेळी दहा पावले चालावे. चाल जलद असावी, पण देहाला हिसके बसू नयेत. जनाजा खांद्यावरून खाली ठेवेपर्यंत सोबतच्यांनी बसू नये.

जनाजाच्या रचनेतही हेतू केवळ मृताची अब्रू जपण्याचा आहे. स्त्रीच्या देहावर नुसती चादर टाकल्याने आकार दिसतो, हे हजरत फातिमा (रजि.) यांना आवडत नसे. तेव्हा हजरत अस्मा बिन्त उमैस (रजि.) यांनी हबशा देशात पाहिलेली पद्धत दाखवली : खजुराच्या ओल्या फांद्या कमानीसारख्या वाकवून त्यांवर कापड पसरले. आज मशिदीतील जनाजावर स्त्रीसाठी जी कमान बसवतात, तिचा हेतू हाच आहे.

पेटीसह दफनाचा प्रश्नही कृष्णाकाठच्या गावांत उद्भवतो. २०१९च्या महापुरासारख्या प्रसंगी कबरीत पाणी झिरपते, माती ढासळते. जमीन ओली किंवा भुसभुशीत असेल तर पेटी वापरण्यास हरकत नाही. तिच्या तळाशी माती पसरावी. विनाकारण पेटी वापरणे मात्र मकरूह आहे, आणि प्रतिष्ठेसाठी महागडी पेटी घेणे तर उधळपट्टीच.

वाचकहो, आपल्या मशिदीतील जनाजा एकदा नजरेखालून घाला. त्याचे दांडे मजबूत आहेत का? स्त्रीसाठी कमान आहे का? आणि मोहल्ल्यात एखादा परगावचा मजूर किंवा निराधार वृद्धा वारली, तर चार कोपऱ्यांना चार खांदे मिळतात का, की इमाम आणि कबर खोदणाराच उरतो? ताबुतासाठी शेकडो खांदे आणि गरिबाच्या जनाजासाठी चारही नाहीत, अशी स्थिती असेल तर इमाम हुसैन (रजि.) यांच्यावरील आपल्या प्रेमाचा हिशेब आपणच तपासायला हवा.

अल्लाह आपल्या सर्वांना मृतांचा हक्क अदा करण्याची तौफीक देवो. आमीन.