तारखेला गैरहजर राहिलो, आरोपी सुटला, आता काय?

प्रश्न : चेक न वटल्याबद्दल मी 2022 मध्ये फिर्याद दाखल केली. आजारपणामुळे एका तारखेला गैरहजर राहिलो आणि न्यायालयाने आरोपीला निर्दोष सोडले. तेच प्रकरण पुन्हा सुरू होईल का?

उत्तर : त्याच न्यायालयात नाही. तुमची फिर्याद 2022 ची असल्याने जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 256 नुसार समन्स खटल्यात फिर्यादी गैरहजर राहिल्यास आरोपीची निर्दोष मुक्तता होऊ शकते. असा आदेश दंडाधिकारी स्वतः मागे घेऊ शकत नाहीत आणि त्याच आरोपासाठी नवी फिर्यादही चालत नाही. दाद अपिलातच मागावी लागते. पूर्वी त्यासाठी कलम 378(4) नुसार उच्च न्यायालयाची विशेष परवानगी लागतच असे; 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चेक प्रकरणातील फिर्यादीला पीडित मानून कलम 372 च्या परंतुकानुसार अशा परवानगीशिवाय अपील करण्याची मुभा दिली. कलम 378(4) चा मार्ग निवडल्यास परवानगीच्या अर्जासाठी आदेशापासून 60 दिवसांची मुदत आहे. म्हणून आजच आदेशाची प्रमाणित प्रत मागवा, वैद्यकीय कागद जोडा. त्या दिवशी तुमचे वकील हजर होते का, तुमची साक्ष आधीच झाली होती का, हे मुद्दे महत्त्वाचे ठरतात. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, कलम 279 नुसार, मुक्ततेपूर्वी फिर्यादीला 30 दिवसांची संधी द्यावी लागते. यापुढे येणे अशक्य असेल, तर वकिलामार्फत गैरहजेरी माफीचा अर्ज त्याच दिवशी द्या.