वृषणकोशाची सूज आणि ध्वनिलहरींची तपासणी

सौंसर व पांढुर्णा हा संत्र्याच्या बागांचा मराठी भाषिक प्रदेश २०२३ पर्यंत छिंदवाडा जिल्ह्यात मोडत असे. त्या वर्षी पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला. मोठ्या दुखण्यासाठी येथील माणूस बहुधा नागपूरची वाट धरतो. तथापि एका दुखण्यासाठी तो कोठेच जात नाही, ते म्हणजे वृषणकोशाची सूज. धोतराआड ती वर्षानुवर्षे झाकली जाते. घरातील स्त्रियांना ती ठाऊक असते, पण डॉक्टरला नसते.

वृषण ज्या दोरीस टांगलेले असते तीस वृषणरज्जू म्हणतात. रक्त आणणारी धमनी, ते परत नेणाऱ्या शिरांचे जाळे, लसीकावाहिन्या, मज्जातंतू व शुक्रवाहिनी अशी या दोरीची घडण असून ती जांघेतून खाली उतरते. सूज यांपैकी कशाची आहे हे नुसत्या हाताने नेहमीच कळत नाही. अंधाऱ्या खोलीत सुजेमागे बॅटरी धरली असता आत पाणी असल्यास ती लालसर उजळते. ही जुनी परीक्षा आजही उपयुक्त आहे. परंतु पाण्याआड वृषणाची स्थिती काय, हे ती सांगू शकत नाही.

ते काम सोनोग्राफी करते. मनुष्याच्या कानास सेकंदाला सुमारे २०,००० कंपनांपर्यंतचा ध्वनी ऐकू येतो. या तपासणीत ७० लक्ष ते दीड कोटी कंपनांच्या लहरी सोडून त्यांचे प्रतिध्वनी टिपले जातात व त्यांचे चित्र पडद्यावर उमटते. पाणी काळे दिसते, निरोगी वृषण एकसारखे करडे दिसते आणि वृषणाच्या आतील गाठ वेगळी उठून दिसते. अशी गाठ कर्करोगाची असू शकते, म्हणून ती दुखत नसली तरी दाखवावयास हवी. या तपासणीत क्ष-किरण नसतात, सुई नसते, वेदनाही सहसा नसते. सोनोग्राफी केंद्राच्या दारावर गर्भलिंग निदान हा गुन्हा असल्याचा फलक असतो. तो वाचून हे यंत्र केवळ गर्भवतींसाठी आहे असा समज काही पुरुष करून घेतात, तो निराधार होय.

सौंसरच्या दक्षिणेस लागून असलेला नागपूर आणि त्यापलीकडील वर्धा, भंडारा, चंद्रपूर व गडचिरोली हे जिल्हे हत्तीरोगाचे आहेत. हत्तीरोग म्हटले की सुजलेला पाय डोळ्यांपुढे येतो. प्रत्यक्षात पुरुषांमध्ये या रोगाचे प्रौढ जंत वृषणरज्जूतील लसीकावाहिन्यांत वस्ती करतात आणि त्यातूनच पुढे अंडवृद्धी होते. गटारे व शौचकूपांच्या घाण पाण्यात वाढणारा क्यूलेक्स डास हा रोग पसरवितो. रोगाची सूक्ष्म पिले रात्री रक्तात येतात, म्हणून रक्ताचा नमुना रात्री घ्यावा लागतो. प्रौढ जंत मात्र जिवंतपणी कोणाच्या दृष्टीस पडत नसत. १९९४ मध्ये ब्राझीलमधील रेसिफे येथील संशोधकांनी कोणताही त्रास नसलेल्या पुरुषांत सोनोग्राफीच्या पडद्यावर ते वळवळताना पाहिले. या हालचालीस ‘फायलेरिया नृत्य’ असे नाव पडले. ठाण्याचे डॉ. नितीन चौबळ व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००३ मध्ये हे लक्षण भरवशाचे असल्याचे प्रसिद्ध केले. औषधानंतर पुन्हा पाहिले असता नृत्य थांबलेले दिसले, तर जंत मेला असे समजते. २०१९ च्या प्रारंभी नागपूर जिल्ह्यात तीन औषधांची एकत्रित मात्रा देण्यास आरंभ झाला. गोळ्यांनी जंत व पिले नष्ट होतात, साचलेले पाणी मात्र हटत नाही. त्यासाठी शस्त्रक्रिया लागते. सुईने पाणी काढविणे व्यर्थ आहे, ते पुन्हा भरते.

अपत्य नसलेल्या जोडप्यात दोष स्त्रीकडे लावण्याची आपल्याकडे घाई असते. वृषणरज्जूतील शिरा फुगून त्यांचा गुंता होणे हे पुरुषातील वंध्यत्वाचे एक कारण आहे. तो गुंता बहुधा डाव्या बाजूस असतो व रोग्यास उभे करून सोनोग्राफी केली असता स्पष्ट दिसतो.

आतापर्यंतच्या विकारांस काही दिवसांचा विलंब चालू शकेल. वृषणरज्जूस पीळ पडला असता तासांचाही हिशेब ठेवावा लागतो. हा प्रसंग विशेषतः शाळकरी वयाच्या मुलांवर येतो. एकाएकी असह्य कळ येते, ओकारी होते आणि एक वृषण वर ओढल्यासारखे दिसते. लाजेने मुलगा केवळ ‘पोट दुखते’ एवढेच सांगतो; शिक्षकांनी हे ध्यानात ठेवावे. रक्तप्रवाह दाखविणाऱ्या डॉपलर तपासणीत त्या वृषणाकडे रक्त जात नसल्याचे कळते. सुमारे ६ तासांत पीळ सोडविल्यास वृषण बहुधा वाचते, दिवस उलटल्यास क्वचितच. म्हणून डॉक्टरची खात्री पटली असेल, तर सोनोग्राफीसाठी खोळंबून न राहता मुलास शस्त्रक्रियेची सोय असेल तेथे थेट न्यावे. ‘सकाळी पाहू’ म्हणून लेप लावून निजविण्यात ती वेळ निघून जाते. शस्त्रक्रियेत दुसऱ्या बाजूचे वृषणही टाके घालून स्थिर करतात, कारण तेही तितकेच सैल असण्याचा संभव असतो.