धुरीणत्व, बुद्धिजीवी आणि आपण

सत्ता कशाच्या बळावर टिकते, असा प्रश्न विचारला तर पोलीस, तुरुंग आणि कायदा हे उत्तर चटकन सुचते. परंतु दंडुक्याच्या भीतीने माणसे काही काळ दबतात. पिढ्यान्‌पिढ्या दबत नाहीत. जे चालले आहे ते रीतीला धरूनच आहे, असे ज्यांच्यावर सत्ता चालते त्यांनाही वाटावे लागते. ही संमती कोण घडवतो आणि ती मोडणार कोण, हा मार्क्सवादी विचारातील कळीचा प्रश्न आहे. आकुर्डी-चिंचवडसारख्या कामगार वस्तीत शिकणाऱ्यांना तो टाळता येण्यासारखा नाही.

मार्क्स आणि एंगल्स यांनी १८४५-४६ मध्ये लिहिलेल्या ‘जर्मन विचारप्रणाली’त असे प्रतिपादन केले की, ज्या वर्गाच्या हाती उत्पादनाची साधने असतात त्याच वर्गाच्या कल्पना समाजात प्रचलित होतात. लेनिनने १९०२ साली ‘काय करावे?’ या पुस्तकात सांगितले की, कामगार स्वतःच्या अनुभवातून मजुरीच्या लढ्यापर्यंत पोहोचतो. त्यापुढची राजकीय जाणीव त्याच्यापर्यंत बाहेरून न्यावी लागते. परंतु वरच्या वर्गाच्या कल्पना खालच्या माणसाच्या मनात नेमक्या कोणत्या वाटेने शिरतात? या प्रश्नाचा सखोल विचार आंतोनिओ ग्राम्शीने केला.

ग्राम्शी (१८९१-१९३७) हा सार्डिनिया बेटावरील गरीब घरातला मुलगा. शिष्यवृत्ती मिळवून तो तुरिनला आला. तुरिन म्हणजे मोटार कारखान्यांचे शहर. त्याची पदवी पुरी झाली नाही. पण १९१९-२० मध्ये तेथील कामगारांच्या कारखाना-समित्यांच्या चळवळीत त्याची लेखणी राबली. १९२० साली कामगारांनी कारखाने ताब्यात घेतले, तरी क्रांती झाली नाही. उलट १९२२ साली मुसोलिनी सत्तेवर आला आणि १९२६ साली ग्राम्शीला अटक झाली. तुरुंगात भरलेल्या वह्यांतून त्याने या पराभवाची कारणे शोधली. त्याच्या मते राज्यसंस्था केवळ सरकारी कचेरीत नसते. शाळा, धर्मसंस्था, वृत्तपत्रे, मंडळे यांच्यामार्फत वरिष्ठ वर्ग आपली जीवनदृष्टी ही सर्वांचीच ‘साधी समज’ करून टाकतो. या वैचारिक पुढारीपणालाच ‘धुरीणत्व’ म्हणतात.

याचे बोलके उदाहरण मुंबईच्या कापडगिरण्यांत सापडते. विणकाम खात्यात मजुरी चांगली मिळे, पण तेथे अस्पृश्य कामगारांना घेतले जात नसे. धोट्यातील सूत संपले की नवे सूत तोंडाने ओढावे लागे. तोच धोटा दुसऱ्याच्याही तोंडाला लागणार, म्हणून स्पृश्य कामगारांना विटाळ वाटे. १९२८-२९ च्या संपांच्या काळात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न ठामपणे पुढे आणला. भोंगा एक, मालक एक, चाळीतील हालही तेच. तरी विटाळाची कल्पना यंत्राजवळ ठाण मांडून होती. मालकाला तेथे पहारेकरी ठेवावा लागला नाही. कामगार एका छपराखाली आले म्हणजे त्यांची मनेही आपोआप एक होतात, ही समजूत येथे खोटी ठरते.

मग हे मन बदलणार कोण? ग्राम्शी म्हणतो की, विचार प्रत्येकच माणूस करतो. परंतु समाजात बुद्धिजीवीचे कार्य सर्वांच्या वाट्याला येत नाही. ते करणाऱ्यांचे त्याने दोन प्रकार सांगितले. पुरोहित, वकील, प्राध्यापक यांसारखे ‘पारंपरिक’ बुद्धिजीवी स्वतःला सर्व वर्गांच्या वर मानतात. ‘सेंद्रिय’ बुद्धिजीवी मात्र एखाद्या वर्गाबरोबर वाढतात आणि त्या वर्गाला त्याच्या स्थितीची जाण देतात.

हा विचार आपल्याकडे अगदीच परका नव्हता. ग्राम्शीच्या जन्मापूर्वी, १८८२ साली, महात्मा फुले यांनी हंटर आयोगाला निवेदन दिले. सरकारचा महसूल रयतेच्या घामातून येतो आणि शिक्षणावरचा खर्च मात्र वरच्या वर्गाच्या पदरात पडतो, असे त्यांनी दाखवले. प्राथमिक शाळांतील शिक्षक शक्यतो कष्टकरी समाजातून आलेले असावेत, अशीही त्यांची मागणी होती. ही मागणी केवळ नोकऱ्यांच्या वाटपाची नव्हती. शिकवणारा कोण, यावर मुलाला जगाचा अर्थ कोणता कळेल हे अवलंबून असते, हे त्यांनी ओळखले होते.

त्यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे मुंबईच्या एका गिरणीत स्टोअरकीपर होते. ‘दीनबंधु’ पत्रातून त्यांनी गिरणी कामगारांची दुःखे मांडली आणि १८८४ साली कामगारांच्या सभा घेऊन आठवड्याच्या सुटीची मागणी केली; १८९० साली रविवारची सुटी मिळाली. लोखंडे स्वतः माग चालवत नव्हते. म्हणजे सेंद्रिय बुद्धिजीवी जन्माने ठरत नाही, तो कार्याने ठरतो.

तिसरे नाव अण्णा भाऊ साठे यांचे. वाटेगावहून आलेला, शाळेचे तोंड जेमतेम पाहिलेला हा माणूस गिरणीत राबला. १९४४ साली त्याने अमर शेख व द. ना. गवाणकर यांच्यासह ‘लाल बावटा कलापथक’ उभे केले. त्यांनी तमाशाचाच साचा घेतला. पण गणात गणपतीऐवजी मातृभूमीला वंदन आणि वगात सावकार, मालक यांच्याशी झुंज, असा त्याचा आशय बदलला. लोकांना परकी वाटणारी भाषा त्यांच्या माथी न मारता, त्यांच्याच ढोलकीवर त्यांनी नवा विचार उभा केला.

आता आपल्याकडे पाहू. साठच्या दशकात आकुर्डीला बजाज ऑटोच्या कारखान्यात इटलीच्या पियाज्जिओ कंपनीच्या परवान्याने स्कूटर तयार होऊ लागल्या. इटलीची स्कूटर आली. इटलीच्याच या विचारवंताशी मात्र आपली ओळख उशिरा झाली. आज या पट्ट्यात कायम कामगार आणि कंत्राटी कामगार शेजारी शेजारी उभे राहून काम करतात आणि त्यांच्या पगारात मोठे अंतर असते. त्याबद्दल विचारले तर पुष्कळदा उत्तर येते : ‘शिकलो नाही, म्हणून नशिबात हे.’ या एका वाक्यात धुरीणत्व पुरते सामावलेले आहे. व्यवस्थेचा दोष माणूस स्वतःच्या कपाळावर घेतो.

आणि या वाक्याची दुसरी बाजू आपण आहोत. आपल्यापैकी अनेकजण घराण्यातील पहिलेच पदवीधर होणार. पोराच्या हाताला ग्रीस लागू नये म्हणून आईबाप राबतात. त्यांची ती इच्छा रास्तच आहे. पण ‘पांढरपेशा’ होणे म्हणजे ग्रीसच्या हातांना कमी लेखणे, असा अर्थ आपण घेतला तर आपली पदवी त्या संमतीवरचा आणखी एक शिक्का ठरेल. नोकरी आपण करूच. पोटाचा प्रश्न कोणाला सुटला आहे? परंतु वेतनाची पावती वाचून समजावणे, कंत्राटाचा कायदा सोप्या मराठीत सांगणे, वस्तीतील वाचनालय चालवणे, आपल्या माणसांच्या कामाबद्दल लिहिणे, ही कामे पदवीधराला सहज जमण्यासारखी आहेत. ती करताना शिकवण्याइतकेच शिकावेही लागेल, कारण यंत्राचे आणि कष्टाचे ज्ञान त्यांच्याकडे आहे.

फुल्यांनी मागितलेला शिक्षक आज आपल्या घराघरांत तयार होत आहे. तो कोणाची बाजू घेणार, हे त्याच्या पदवीपत्रावर लिहिलेले नसते. ते त्याने स्वतः ठरवायचे असते.