साहित्यकृतीकडून पडद्याकडे : गोविंद निहलानी यांची वाटचाल



साहित्यकृतीवर चित्रपट निघाला, की ‘तो मुळाशी कितपत प्रामाणिक आहे?’ असा प्रश्न आपण सहज विचारतो. अभ्यासकाला मात्र एवढ्यावर थांबता येत नाही. शब्दांतला आशय पडद्यावर कोणत्या साधनांनी उभा राहिला, हे त्याने तपासले पाहिजे. या दृष्टीने गोविंद निहलानी यांची कारकीर्द आपण पाहू.

१. छायालेखक ते दिग्दर्शक

निहलानी यांचा जन्म १९४० साली कराचीत झाला. फाळणीनंतर त्यांचे कुटुंब भारतात आले. बंगळूर येथे छायालेखनाचे शिक्षण घेऊन त्यांनी व्ही. के. मूर्ती यांच्या हाताखाली उमेदवारी केली. सत्यदेव दुबे यांचा ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ (१९७१) आणि श्याम बेनेगल यांचे ‘निशांत’, ‘भूमिका’ हे चित्रपट त्यांनी चित्रित केले. प्रकाश, चौकट आणि चेहरा यांतून अर्थ सांगण्याची सवय त्यांना येथे लागली.

२. मराठी लेखकांशी नाते

‘आक्रोश’ (१९८०) हा त्यांचा पहिला चित्रपट. पटकथा विजय तेंडुलकरांची. पत्नीच्या खुनाचा खोटा आरोप असलेला आदिवासी लहान्या भिकू वकिलाच्या एकाही प्रश्नाला उत्तर देत नाही. संवाद हे तेंडुलकरांचे बलस्थान. येथे मात्र नायकाचे मौनच बोलते. ‘अर्धसत्य’ (१९८३) श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या कथेवर आधारलेला असून त्यात दिलीप चित्रे यांच्या कवितेचा उपयोग केला आहे.

नागपूरच्या वाचकाला ‘पार्टी’ (१९८४) विशेष जवळचा वाटेल, कारण तो महेश एलकुंचवार यांच्या नाटकावर आधारलेला आहे. ज्या कवी अमृतविषयी सर्व पाहुणे बोलत राहतात, तो मेजवानीला येतच नाही. येते ती त्याच्या मृत्यूची वार्ता. अखेरीस त्याचा रक्ताळलेला चेहरा पडद्यावर दिसतो. लेखकाने केवळ लिहावे की लढ्यात उतरावे, हा वाद त्या चेहऱ्यासमोर निव्वळ चर्चेचा विषय राहत नाही.

३. दूरदर्शन

भीष्म साहनी यांच्या कादंबरीवरील ‘तमस’ १९८८ साली दूरदर्शनवरून प्रसारित झाली. तिच्या विरोधातील प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि न्यायालयाने प्रसारणाच्या बाजूने निर्णय दिला. फाळणीची जखम घराघरांत दाखवावी काय, हा त्या वादाचा गाभा होता. पुढे ‘जझीरे’मध्ये इब्सेन आणि ‘रुक्मावती की हवेली’मध्ये लोर्का यांची नाटके त्यांनी भारतीय परिसरात आणली.

४. निष्कर्ष

कथा, नाटक, कादंबरी. चित्रपट आणि मालिका, असा हा विस्तार आहे. तरीही त्यात एक सूत्र आढळते. लहान्या बोलत नाही, अमृत अनुपस्थित आहे, ‘तमस’मधला नत्थू आपला अपराधभाव उघडपणे मांडू शकत नाही. ज्यांना वाचा नाही, त्यांच्याकडे निहलानी यांचा कॅमेरा वळतो. वेगवेगळ्या माध्यमांतून एकच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारणे, हा त्यांच्या अष्टपैलुत्वाचा अर्थ आहे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. ‘आक्रोश’मधील मौनाचे कार्य स्पष्ट करा.
२. ‘पार्टी’ हे नाटक वाचा, चित्रपट पाहा आणि अमृतच्या अनुपस्थितीचा परिणाम दोन्ही माध्यमांत कसा साधला आहे, ते लिहा.