मज्जातंत्रज्ञानाचे क्षेत्र आणि पदवीची निवड

मेंदू व मज्जासंस्था यांतील विद्युत्‌संकेत टिपणे, त्यांचा अर्थ लावणे आणि आवश्यक तेव्हा बाहेरून संकेत देऊन बिघडलेले कार्य सावरणे, यासाठी लागणाऱ्या साधनांच्या शास्त्रास मज्जातंत्रज्ञान अथवा न्यूरोटेक्नॉलॉजी असे म्हणतात. नाव नवे असले, तरी विषयाचा पाया जुना आहे. जर्मनीतील येना येथे हान्स बर्गर यांनी १९२४ मध्ये मानवी मेंदूतील विद्युत्‌लहरींची पहिली नोंद घेतली. आज ई.ई.जी. या नावाने परिचित असलेली तपासणी ती हीच. १९७८ मध्ये मेलबर्न येथे ग्रॅएम क्लार्क यांच्या पथकाने बहुमार्गी कॉक्लियर इम्प्लांट बसविले. १९८७ मध्ये फ्रान्समधील ग्रनोब्ल येथे आलिम-लुई बेनाबिद यांनी मेंदूच्या खोल भागास विद्युत्‌स्पंदने देऊन कंप आटोक्यात आणण्याच्या पद्धतीचा आरंभ केला. २००४ मध्ये अमेरिकेत ब्रेनगेट प्रकल्पात हातपाय लुळे पडलेल्या व्यक्तीच्या मेंदूत विद्युत्‌-अग्रे बसविण्यात आली आणि केवळ विचाराने संगणकाच्या पडद्यावरील खूण हलविणे तिला शक्य झाले.

अशा वार्ता वाचून अनेक विद्यार्थी या क्षेत्राकडे आकृष्ट होतात व त्यासाठी कोणती पदवी घ्यावी, असे शिक्षकांना विचारतात. या प्रश्नाचे एका शब्दात उत्तर देता येत नाही. त्याचे कारण या शास्त्राच्या स्वरूपातच आहे.

एक साधन, अनेक विद्या

डोक्याच्या त्वचेवर मिळणारा मेंदूचा संकेत अवघा काही दशक मायक्रोव्होल्ट इतका असतो. ५० मायक्रोव्होल्टचा संकेत म्हणजे टॉर्चमधील दीड व्होल्टच्या सेलचा ३० हजारावा भाग होय. त्यातच खोलीतील विजेच्या तारांचा ५० हर्ट्‌झचा गोंगाट मिसळतो. हा संकेत निवडून मोठा करणे हे इलेक्ट्रॉनिक्स अभियंत्याचे काम. त्यातून अर्थ काढण्यास गणित, संख्याशास्त्र व संगणकशास्त्र लागते. शरीरात वर्षानुवर्षे टिकणारी व ऊतींना अपाय न करणारी विद्युत्‌-अग्रे तयार करण्यास पदार्थविज्ञान व रसायनशास्त्र हवे. संकेत कोणत्या पेशींतून व का उमटतो, हे जीवशास्त्रज्ञ सांगतो. साधन रोग्याच्या मेंदूत बसविणे हे मज्जाशल्यविशारदाचे कार्य. यांपैकी एक विद्या पक्की आणि इतर विद्यांची भाषा समजण्याइतका परिचय, अशी तयारी या क्षेत्रात उपयोगी पडते.

पदवीचे प्रमुख मार्ग

पहिला मार्ग अभियांत्रिकीचा. इलेक्ट्रॉनिक्स, विद्युत्‌, संगणक अथवा जैववैद्यकीय अभियांत्रिकीची चार वर्षांची पदवी घेऊन पुढे पदव्युत्तर शिक्षण घेता येते. २०२० पासून ‘गेट’ परीक्षेत जैववैद्यकीय अभियांत्रिकीचा स्वतंत्र विषय आहे. दहावीनंतर तंत्रनिकेतनात पदविका घेतलेल्या विद्यार्थ्यासही अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षात थेट प्रवेशाची वाट खुली असते.

दुसरा मार्ग मूलभूत विज्ञानाचा. भौतिकी, गणित अथवा जीवशास्त्र घेऊन विज्ञानाची पदवी व त्यानंतर संशोधन, असा हा क्रम आहे. मुंबईची टाटा मूलभूत संशोधन संस्था, पुण्याची आयसर, बंगळूरची भारतीय विज्ञान संस्था आणि हरियाणातील मानेसरचे राष्ट्रीय मेंदू संशोधन केंद्र येथे मज्जाविज्ञानाचे संशोधन चालते.

तिसरा मार्ग वैद्यकाचा. तो सर्वांत दीर्घ आहे. एम.बी.बी.एस.ची साडेपाच वर्षे, त्यानंतर एम.डी. अथवा एम.एस.ची तीन व मज्जाविषयक विशेष शिक्षणाची तीन, अशी साडेअकरा वर्षे धरावी लागतात. कुटुंबाने आरंभीच याचा विचार करावा.

चौथा मार्ग पुनर्वसनाचा असून त्याकडे सहसा लक्ष जात नाही. कॉक्लियर इम्प्लांट बसविले म्हणजे मूल बोलू लागते असे नाही; साधनाची जुळणी आणि दीर्घकाळ वाचा-श्रवणाचे शिक्षण त्यास द्यावे लागते. हे काम श्रवण व वाचा-उपचारतज्ज्ञ करतात. मुंबईतील अली यावर जंग राष्ट्रीय संस्थेत या विषयाचे पदवी शिक्षण मिळते.

अकरावीतील निर्णय

खरी निवड पदवीच्या वेळी नव्हे, तर अकरावीत विषय घेताना होते. गणित सोडल्यास अभियांत्रिकीच्या बहुतेक शाखा दुरावतात. जीवशास्त्र न घेतल्यास वैद्यकाच्या ‘नीट’ परीक्षेची पात्रता अडते. कल अद्याप निश्चित नसलेल्या, परंतु अभ्यासाचा भार पेलू शकणाऱ्या विद्यार्थ्याने भौतिकी, रसायन, गणित व जीवशास्त्र हे चारही विषय घेणे हितावह ठरते. ज्याला हा भार झेपत नाही, त्याने ज्या विषयाचा अभ्यास स्वतःहून करावासा वाटतो त्याच्या बाजूने कौल द्यावा.

नावापेक्षा आशय महत्त्वाचा

पदवीच्या नावात ‘न्यूरो’ हा शब्द आहे एवढ्यावरून तिची योग्यता ठरत नाही. पदवीच्या स्तरावर व्यापक व बळकट पाया घालावा आणि विशेषीकरण पदव्युत्तर स्तरावर करावे. या क्षेत्रातील जागा अद्याप थोड्या आहेत. इलेक्ट्रॉनिक्स वा संगणकाच्या पदवीधरास त्या न मिळाल्यास वैद्यकीय उपकरणे, रुग्णालये अथवा अन्य उद्योग यांत काम करता येते. अगदी संकुचित पदवी घेणाऱ्यास ही सोय राहत नाही. कर्ज काढून शिकणाऱ्या शेतकरी वा मजूर कुटुंबातील मुलाच्या दृष्टीने हा विचार निर्णायक ठरावा.

प्रवेशापूर्वी तीन गोष्टी पाहाव्यात: अभ्यासक्रमास विद्यापीठ अनुदान आयोग अथवा संबंधित परिषदेची मान्यता आहे काय, प्रयोगशाळा प्रत्यक्ष चालू आहे काय, आणि मागील वर्षांचे पदवीधर आज कोठे काम करीत आहेत. दहावीच्या निकालापूर्वीच विज्ञान शिक्षकांनी पालकांची बैठक घेऊन ही माहिती द्यावी व ग्रामपंचायतीने प्रवेश परीक्षा आणि शिष्यवृत्ती यांच्या तारखा सूचनाफलकावर वेळेवर लावाव्यात. मुदत उलटल्यामुळे गुणवान विद्यार्थ्याचे वर्ष वाया जाणे एवढ्यानेही टळू शकेल.